भिंतीवरून परतलेले १८४

खेकडा बोगद्याच्या भिंतीसमोर थांबला आणि नियंत्रण खोलीतल्या पडद्यावर आकडा उमटला : १८४.

"हे आपलं नाही," तो सहा पायांचा यंत्रमानव शांतपणे म्हणाला. "हरवलेल्या गोळीच्या किरणांची ऊर्जा ६६२ एकके असते. पुढे जाऊ?"

"थांब जरा," आजोबा म्हणाले.

दहा वर्षांची शाल्मली नखं कुरतडत होती. चंद्रावरच्या त्यांच्या वसाहतीत, बोगद्याच्या भिंती तपासणाऱ्या यंत्रातून हरभऱ्याएवढी किरणोत्सारी (अदृश्य, घातक किरण सोडणारी) गोळी कुठेतरी पडली होती. धोक्याची घंटा वाजताच हेमांगीताईंनी बालवाडीतल्या अकरा मुलांना बोगद्यालगतच्या सुरक्षित खोलीत नेलं. त्यांत तिचा धाकटा भाऊ निहारही होता. ही गोळी सापडेपर्यंत कोणालाच बाहेर येता येणार नव्हतं.

"दुसरी गोळी असेल का?" तिने विचारलं.

"वसाहतीत एकच होती." आजोबा स्वतःशीच बोलल्यासारखे बोलू लागले. "कॅरममध्ये स्ट्रायकर सोंगटीला नुसता घासून गेला तर?"

"जवळजवळ सरळ जातो. जोरही फारसा जात नाही."

"आणि समोरासमोर बसला तर?"

"सोंगटी जोर घेऊन पळते."

"फोटॉन (किरणांतला ऊर्जाकण) भिंतीतल्या इलेक्ट्रॉनवर (अणूतल्या चिमुकल्या कणावर) असाच आदळतो. काही ऊर्जा इलेक्ट्रॉन घेतो, उरलेली घेऊन फोटॉन वळतो. स्ट्रायकरसारखा तो हळू मात्र होत नाही. वेग तोच राहतो, फक्त ऊर्जा घटते आणि तरंगलांबी (लाटेच्या दोन माथ्यांमधलं अंतर) वाढते. वळण जितकं मोठं, तितकी ऊर्जा जास्त जाते."

शाल्मलीने तळहातावर बोटाने वजाबाकी केली. "चारशे अठ्ठ्याहत्तर इलेक्ट्रॉननेच नेले. एवढे जायला केवढं वळण लागेल?"

"याहून मोठं वळण नसतंच. आला तसा उलटा."



"आजोबा, मग गोळी भिंतीत नाहीच. किरण भिंतीवर आपटून परत आलेत. ती खेकड्याच्या मागे आहे."

"पण मग मागून थेट येणारे ६६२ त्याला दिसायला हवेत..." आजोबांना एकदम आठवलं. खेकड्याला एकाच दिशेचं दिसावं म्हणून त्याच्या पाठीवर शिशाचं कवच त्यांनीच बसवलं होतं.

शाल्मलीने नकाशा पाहिला. खेकड्याच्या पाठीमागे सुरक्षित खोलीचं दार होतं.

तिने माइक ओढला. "हेमांगीताई, मुलांना दारापासून लांब न्या. पाण्याच्या टाक्यांमागे. आत्ता."

"निहार दाराशीच बसलाय गं, तू येशील म्हणून. चल रे राजा, उठ," स्पीकरमधून हेमांगीताई म्हणाल्या.

"खेकड्या, मागे फिर."

सहा पाय सावकाश वळले. फार सावकाश. पडद्यावर आकडा आला : ६६२. दाराच्या उंबऱ्याला टेकून ती गोळी पडली होती. लांब चिमटा पुढे झाला, एकदा निसटला, पुन्हा पुढे झाला. शिशाच्या डबीचं झाकण बसलं आणि आकडा गेला.

डॉक्टरांनी मुलांच्या छातीवरचे किरणमापक बिल्ले एकेक करून तपासले. दार जाड पोलादी होतं, म्हणून थोडक्यात निभावलं. तरी निहारचा बिल्ला शाल्मलीने त्यांना दोनदा बघायला लावला.

दुसऱ्या दिवशी आजोबांनी खेकड्याचं कवच काढलं. "इलेक्ट्रॉनला बसलेला धक्काही मोजायचा. म्हणजे किरण कुठल्या बाजूने आले ते हिशोबाने कळेल, पाठ झाकायला नको."

"तोवर १८४ दिसले की मागे बघायचं," शाल्मलीने खेकड्याला बजावलं.

शेजारी निहारने स्ट्रायकर मारला. तो समोरच्या कडेवर आपटून त्याच्याकडेच परतला.

"बघ," शाल्मली म्हणाली, "तू कुठे बसलायस ते सांगतोय."