एकेचाळीस नंबरचा फॉर्म

“एक म्हणजे असह्य, पाच म्हणजे मस्त. आत्ता इथे कसं वाटतंय?”

बागेतल्या कोपऱ्यातल्या बाकावर डबा खाणाऱ्या लिफ्ट-दुरुस्तीवाल्याला तिनं हे पहिल्यांदा विचारलं, तेव्हा बोचरा वारा सुटला होता. त्यानं मान वर केली, तिच्याकडे पाहिलं... पाहतच राहिला.

“पाच.”

“पाच? अहो, दात वाजतायत तुमचे!”

“वाजू देत. तुम्ही पाच लिहा.”

तिचं कामच ते. हवा मोजायची आणि बागेत येणाऱ्यांना कसं वाटतंय ते टिपायचं. नाव विचारायचं नाही, नुसता नंबर द्यायचा. हा एकेचाळीस. पठ्ठ्या रोज दुपारी हजर! गारठा असो की चिखल, पाचाच्या खाली उतरेल तर शपथ. हा अभ्यास चालवणाऱ्या सरांच्या नियमानं तिलाही रोज स्वतःचा एक फॉर्म भरावा लागे. तो ती त्याच्यानंतर, घाईघाईत भरून टाकी.

तीन आठवड्यांनी सरांनी कागद चाळले. “यातले दोघं बाद. यांचं आणि हवेचं काही जमतच नाही.”

“एक तो एकेचाळीस ना?”

“हो. आणि दुसरी तू.”

आता बोला! तिचे कान तापले.

दुसऱ्या दिवशी काम संपणार होतं. मग ती दुसऱ्या गावी, आणि तो... ना नाव, ना पत्ता. त्या दिवशी ऊन कसं कोवळं, हवा कशी झकास! पण एक वाजला, दीड वाजला, बाक रिकामाच. ती उठली, बसली, दोनदा वारा मोजला, वारा नव्हताच. शेवटी चिडून स्वतःच्या फॉर्मवर तिनं ‘एक’ लिहिला.

तेवढ्यात तो धावत आला, हात ग्रीसनं काळे.

“लिफ्टमध्ये एक आजोबा अडकले होते... विचारा, विचारा लवकर.”

“कसं वाटतंय?”

“एक.”

“इश्श! एवढी छान हवा आहे...”

“असू दे. काल तुम्हीच म्हणालात ना, आज शेवटचा दिवस.” मग त्याची नजर तिच्या कागदावर गेली. “तुमचाही एक?”

“तो... तुम्ही येण्याआधीचा आहे,” ती म्हणाली, आणि मग तिला थांबवेना. “नियम मोडून विचारते. नाव काय तुमचं?”

“सांगतो. आधी तो एक खोडा,” म्हणत तो बाकावर सरकून बसला.

तिनं खोडला.