आंधळा कौल

ये, बस. त्या दगडावर नको, ओला आहे. खाडी बघायला आलायस ना? मग गंगाराम तारीची गोष्ट ऐकूनच जा. भुताची नाही. भूत असतं तर नारळ देऊन मोकळे झालो असतो.

साल बावन्न-त्रेपन्न असेल. कर्लीच्या खाडीवर इथं पूल नव्हता. माणसं, बकऱ्या, लग्नाची वऱ्हाडं, सगळं गंगारामच्या होडीतून पलीकडे जायचं. त्याचे हात म्हणजे काय सांगू तुला. वल्हं पाण्यात घातलं की खाली रेती आहे की चिखल, ते त्याच्या हातांना कळायचं.

त्याची एकुलती पोर मथुरा तापानं पडली. मालवणच्या डॉक्टरनं तपासलं, आणि औषध न देताच पेटी बंद केली. गंगारामची बायको नर्मदा, तिनं देवळात कौल लावला. कौल ठाऊक आहे ना? पाषाणाला पाकळ्या चिकटवायच्या, गुरवानं देवाला विचारायचं. उजवी पडली की होय, डावी पडली की नाय. त्या दिवशी एकही पडली नाही. ऊन उतरलं तरी पाकळ्या आपल्या जागी.

आपल्याकडे आणखी एक कौल होता. आंधळा कौल. त्यात देव नाही, गुरव नाही, विचारायचंही काही नाही. खाडीला फाटा आला की कवडी टाकायची. उताणी पडली तर उजवीकडे वळायचं, पालथी पडली तर डावीकडे. मनात काही धरायचं नाही. असं जात राहिलं की माणूस जागा सोडत नाही, वेळ सोडतो. गावकीनं ते कधीचंच बंद केलेलं. कुणी करताना सापडला की त्याची होडी फोडायची, त्याच्या हातचं पाणी बंद. भिकाजी म्हातारा तसाच खाडीतल्या बेटावर एकटा टाकलेला.

गंगाराम त्याच्याकडे गेला.

"माका फुडे जावचा आसा," म्हणाला. "चेडू जगता काय, इतक्याच बघून येतलंय."

म्हातारा हसला. "इतक्याच. सगळे इतक्याचसाठी जातत."

"शिकवतंस काय नाय?"

"शिकूचा काय आसा त्यात? गाढवाक पण जमात. तुका जमाचा नाय. तुझे हात लय शाणे."

पण कवडी दिली.

दुपारची भरती होती. दोन्हीकडे कांदळाची झाडं, मुळं पाण्यात. गंगाराम कवडी टाकत गेला, पडेल तसा वळत गेला. उजवीकडे, परत उजवीकडे, डावीकडे. हळूहळू पाण्याचा आवाज गेला. वल्हं बुडायचं, निघायचं, पण चुबूक म्हणून होत नव्हतं. भर श्रावणात कुठून तरी आंब्याच्या मोहोराचा वास आला. भरती उतरायची वेळ झाली, पण पाणी तसंच उभं. त्याला झोपेत चालल्यासारखं वाटलं, आणि बरंही वाटलं.

मग झाडं संपली. वर पूल.

पुलाखाली एक बाई तिसऱ्यांचे शिंपले धूत होती, कडेवर मूल. तिनं वर पाहिलं, तर नर्मदेसारखी डावी भिवई उचललेली.

"परत इलास, बाबा?"

गंगारामनं होडी तिच्या जवळ नेली.

"मी बरी आसय. माका काय्येक झाला नाय. कितीदा सांगू? आता घराक जा. आये वाट बघता."

"मी आजच इलंय गो."

तिनं मूल दुसऱ्या कडेवर घेतलं. "दर खेपेक तसाच म्हणतंस."

पोर जगली होती. आता नर्मदेला कधी सांगतो असं झालं त्याला. त्यानं होडी फिरवली, कवडी टाकली. हवी तशी पडली. पुढच्या फाट्यावर परत हवी तशीच. बोटांना तिचं वजन कळलं होतं.

ओळखीची झाडं आली. ओळखीचं वळण आलं. आपला धक्का.

वर पूल.

मथुरा होती. कडेवरचं मूल आता तिच्या शेजारी उभं.

त्यानं कवडी पाण्यात फेकली. शिंपला घेतला. शिंपलाही हाताला कळला. मग झाडाचं पान. तेही कळलं.

मग तो पुलावरच्या माणसांना विचारायला लागला. "उजवो की डावो?"

मथुरा रोज सांगते. तिचं उत्तर चालत नाही, तिच्या मनात तो घरी हवाय. आम्हां गाववाल्यांचंही चालत नाही, आम्ही सगळे नर्मदेला ओळखायचो. ती दारात बसून बसून गेली. मथुरेचे केस पिकले. त्याच्या मिशीत एक पांढरा नाही.

तर एवढं कर. पुलावरून जाताना खालून हाक आली, तर तू गप राहा. तुला आता सगळं ठाऊक झालंय, तुझं उत्तर कामाचं नाही. तुझी बायको तिकडे शहाळं पितेय ना? तिला पुढे पाठव. कशासाठी ते सांगू नको.