मुद्दाम उतरलेला सूर

“पुन्हा एकदा, ताई!” हेडफोनमधून धाकट्या भावाचा आवाज आला, पण काचेपलीकडच्या त्याच्या चेहऱ्याकडे बघायचं ताईला धाडसच झालं नाही. तिने डोळे मिटले, अंगाईचा मुखडा हळुवार उचलला... आणि शेवटच्या वळणावर सूर पुन्हा खाली पाडला!

आई गेली तेव्हा गाण्याची शिकवणी सोडून ती शिलाई मशीनवर बसली होती, आणि त्या मशीनच्या घरघरीतच धाकटा संगीतकार झाला होता. त्याची तऱ्हाच न्यारी! सिनेमातला प्रसंग आवाज बंद करून तो ताईसमोर लावायचा. शिवता शिवता ती जे गुणगुणायची, त्यातून चाल काढायचा. ही अंगाईही तशीच जन्मली होती. त्याचा हा पहिलाच सिनेमा, आणि काल चहाच्या वेळी निर्माते त्याला म्हणाले, “नावाजलेली गायिका घ्या, नाहीतर आम्हाला संगीतकार बदलावा लागेल.” त्यावर हा पठ्ठ्या म्हणतो कसा, “बदला! गाईल तर ताईच. उद्या रेकॉर्डिंगला येऊन ऐका तरी!” दाराआड उभ्या ताईच्या काळजात चर्र झालं. इतक्या वर्षांची तपश्चर्या हा वेडा तिच्यापायी पाण्यात घालणार! मग तिने ठरवलं, आपणच बेसूर गायचं... म्हणजे तो आपणहून दुसरीला बोलावील.

काचेचं दार ढकलून तो आत आला. त्याचे डोळे भरले होते.

“ताई, मुद्दाम केलंस ना?”

“छे रे! वय झालं आता, गळा...”

“खोटं बोलू नकोस! बेसूर माणूस दर वेळी वेगळा चुकतो. तू तिन्ही वेळा नेमकी तेवढीच उतरलीस. इतकं सुरात बेसूर तूच गाऊ शकतेस!”

ताईला रडता रडता हसू फुटलं. “अरे, माझ्यापायी तुझं नुकसान...”

“आणि माझ्यापायी तुझं गाणं गेलं, ते? एकदा तरी मला काही देऊ दे की गं!”

“भांडणं नंतर,” दारातून सिनेमाची दिग्दर्शिका म्हणाली. “मला हाच सूर हवाय. सिनेमातली आई दिवसभर राबलेली आहे, मूल निजवताना तिचा आवाज असाच खाली बसेल.”

तिच्या मागे निर्माते नाक पुसत उभे होते. शीर्षकगीत नावाजलेल्या गायिकेचं आणि अंगाई ताईची, असं तिथल्या तिथे ठरलं.

“अगं बाई! जन्मात एकदा रेकॉर्डिंग झालं, तेही बेसूर!” ताईने कपाळावर हात मारला.

“आता भोग आपल्या कर्माची फळं!” म्हणत धाकट्याने तिला घट्ट मिठी मारली.

सिनेमा लागला. भरल्या थिएटरात अंगाई सुरू झाली, सूर खाली उतरला, आणि ताईशेजारच्या खुर्चीतली अनोळखी बाई मुसमुसू लागली. ताईला काही राहवेना. ती तिच्याकडे झुकून कुजबुजली, “अहो, ते मी मुद्दाम तसं गायलेय हं... एरवी सुरात गाते मी!”

“श्श! ऐकू द्या की जरा,” बाई डोळे पुसत म्हणाली.

ताई ओशाळून खुर्चीत मागे टेकली, आणि मग तीही ऐकू लागली.