भवानीचं गिऱ्हाईक

बाबांची व्हेस्पा सुरू करायची एक रीत आहे. पेट्रोलची चावी सोडायची, गाडी अंगावर थोडी कलती करायची, पुन्हा सरळ करायची आणि पायानं एकच दणका द्यायचा. दुसरा दणका लागला तर समजायचं, हिचं आज काहीतरी बिनसलंय. सायगॉनमध्ये अशा जुन्या गाड्या दुरुस्त करण्यात आणि पाहुण्यांना त्यांच्यावर बसवून खाऊगल्ल्या हिंडवण्यात माझी हयात गेली, पण बाबांची गाडी मी कधी भाड्याला लावली नाही. त्या दिवशी सकाळी ती बाहेर काढली ती लोआनताईसाठी.

ताई लग्न होऊन माँट्रियलला गेली त्याला तीस वर्षं होऊन गेली. संध्याकाळी तिचं परतीचं विमान होतं. तिच्या मुलीचे, मायलीचे, दिवस भरत आले होते. पहिलटकरीण पोर, नवरा महिनामहिना कामासाठी बाहेर; ताई वेळेवर पोचली नाही तर तिच्यापाशी दुसरं कुणीच नव्हतं. मायलीचे रोज दोन-दोन फोन यायचे. "आई, तू निघतेयस ना नक्की?" एवढंच विचारायची.

"तुझी गाडी अजून बाबांसारखीच खोकते रे धाकट्या," ताई मागे बसत म्हणाली.

"बाबा सिगारेटनं खोकायचे. ही तेलानं खोकते."

"आणि तू?"

"मी खोकत नाही. मी विहारात गातो."

"तेच म्हणतेय मी."

पौर्णिमा होती. पौर्णिमेला मी मांसमासळीला शिवत नाही, आणि सकाळी आमच्या बान को भागातल्या विहारात जाऊन बसतो. तिथले थोरले भंते प्रवचन सांगत नाहीत, गातात. एखादी कथा धरतात, तिला चालीत ओवतात, मध्येच थांबून साध्या बोलण्यात समोरच्याला कोपरखळी मारतात आणि लोक हसतायत तोवर सूर पुन्हा उचलतात. तो सूर कर्ण्यातून गल्ल्यांमध्ये उतरला की ओट्यावर भाजी निवडणाऱ्या बायकांचे हात थांबतात. हे सुख ताईला एकदा द्यायचं, आणि त्याआधी तिला हवं ते सगळं खायला घालायचं, असा माझा बेत होता.

तिनं फडक्यातून गाळलेली कॉफी घेतली. मग नारळाच्या दुधात शिजवलेला चिकट भात, वर मुगाची डाळ, केळीच्या पानात. मग उकडीच्या पातळ गुंडाळ्या. "पोट आहे की पोतं," मी म्हटलं. "विमानात काय देतात ते तू खाल्लं नाहीस, म्हणून बोलतोयस," ती म्हणाली.

तिथून विहाराकडे निघालो. बान को म्हणजे सोंगट्यांचा पट. नाव पडलंय ते तिथल्या गल्ल्यांवरून, चौकटीत आखल्यासारख्या, एकीतून दुसरी फुटणाऱ्या. गल्लीतून गल्ली फुटली की घराच्या क्रमांकात एक तिरपी रेघ वाढते. जितक्या रेघा, तितकं घर आत. माझा जन्म दोन रेघांच्या घरातला. तिथल्या कुठल्या चुलीवर काय शिजतं हे मला डोळे मिटून सांगता येतं.

एका वळणावर एक बाई निखारे पेटवत होती. फुलाफुलांचा सदरा-पायजमा, हातात पंखा. शेगडीतून नुसता पांढरा धूर येत होता. शेजारी कणीच्या भाताचं वाफाळतं पातेलं, परातीत मसाला लावून ठेवलेले डुकराच्या मांसाचे तुकडे, समोर बुटकी लाल स्टुलं. सगळी रिकामी.

"या, बसा," ती म्हणाली. "आजची भवानी तुझ्या हातची होऊ दे, पोरी."

ताईनं पोटावर हात ठेवला. "आत्ताच खाल्लं हो मावशी. नंतर येतो. येतोच परत."

"या हं. वाट बघते."

यात वावगं काही नव्हतं. भवानी व्हायच्या आधी दुकानदाराला तोंडावर नाही म्हणायचं नसतं, म्हणून सगळेच 'नंतर येतो' म्हणतात, आणि ते कुणी मनावर घेत नाही. मला फक्त एवढंच वाटलं की ही मावशी माझ्या ओळखीची नाही. नवीन असेल.

पुढे उजवीकडे वळलो. शिंप्याचं दुकान, भिंतीवर आरसा टांगून बसणारा न्हावी, मग डावीकडे. विहाराचा कर्णा ऐकू यायला लागला होता. भंत्यांनी घाटावरच्या आईची कथा धरली होती. आई नदीकाठी उभी राहून पैलतीरावरच्या होडीवाल्याला हाक मारते. ती हाक भंते अशी लांबवतात की ऐकणाऱ्याचा श्वास अडकतो. पुढच्या ओळीत होडीवाला ओ देतो.

डावीकडे वळलो, तर समोर तीच बाई निखाऱ्यांना वारा घालत होती. पांढरा धूर. रिकामी स्टुलं.

"चुकलास ना?" ताई माझ्या पाठीत बोट खुपसत म्हणाली. "म्हणे डोळे मिटून हिंडतो."

"बोलण्यात वळण सुटलं."

मावशीनं हसून मान हलवली. आम्हीही हसलो. शिंपी, न्हावी, या वेळी मी सरळ गेलो. सरळ रस्ता विहाराच्या मागच्या दाराशी निघतो. लहानपणापासून निघतो.

तो मावशीपाशी निघाला.

मग मी मुद्दाम अनोळखी वळणं घेतली. गल्ली अरुंद होत गेली, दोन्ही बाजूंचे दरवाजे उघडे, आत उंबऱ्यापाशी भूमिदेवतेचा छोटा देव्हारा, त्याच्यापुढे उदबत्त्या. दाराच्या पाट्यांवर तीन रेघा दिसल्या, मग चार, मग पाच. एका पाटीवर इतक्या रेघा होत्या की अंकांना जागाच उरली नव्हती. बान कोमध्ये असं घर नाही. ताईचे हात माझ्या कमरेभोवती घट्ट होत गेले.

कर्ण्यातून आईची हाक येत होती. तीच हाक. ती पुरी व्हायची, भंते श्वास घ्यायचे, आणि पुन्हा तीच. होडीवाल्याची ओळ येतच नव्हती.

मी गाडी थांबवली आणि उतरलो. इंजिनाचं काहीतरी बघावं, म्हणजे डोकं ताळ्यावर येईल, असं वाटलं. सिलिंडरच्या झाकणावर हात टेकवला. एवढा वेळ फिरलेल्या गाडीला हात लावला तर कातडी भाजते. झाकण गार होतं, रात्रभर पडवीत उभं असल्यासारखं.

"धाकट्या," ताई हळूच म्हणाली, "त्या उदबत्त्या बघ. जळतायत, पण लहान होत नाहीयेत."

पलीकडच्या पायरीवर पट्ट्यापट्ट्यांचा पायजमा घातलेला एक माणूस वर्तमानपत्र वाचत बसला होता. त्याच्याजवळ गेलो.

"काका, विहाराकडे कसं जायचं?"

त्यानं पानावरून नजर काढली नाही. "मावशीकडे बसलात का?"

"नाही. आत्ताच खाऊन आलोय."

"काय म्हणालात तिला?"

"नंतर येतो म्हटलं," ताई म्हणाली.

"मीही तेच म्हटलं होतं." त्यानं पान उलटलं. मागच्या बाजूलाही तीच बातमी होती. "मग माझ्याआधी दुसरंच कुणीतरी बसलं. भवानी एकाच्याच हातची होते."

"तुम्ही बसा ना मग आत्ता," मी म्हणालो.

"मला आता बोलावत नाही ती."

ताईनं मोबाईल काढून पाहिला. पडद्यावर मायलीचं नाव आलं, एकदा थरथरलं आणि विझलं. पुन्हा आलं, पुन्हा विझलं. ताईनं तो पदराआड लपवावा तसा छातीशी धरला.

"मला जायचंय रे," ती म्हणाली. "माझी पोर एकटी आहे."

गाडी पुढे काढली. वळणावर मावशी होतीच.

मी गाडी स्टँडवर लावली. मनातल्या मनात भंत्यांची क्षमा मागितली. आयुष्यात एक पौर्णिमा मोडली तर करुणामूर्ती मला टाकणार नाही, याची मला खात्री होती. स्टुलाकडे हात केला.

ताईनं माझं मनगट धरलं.

"आज पौर्णिमा आहे. गप उभा राहा."

"ताई, तुझं पोट भरलंय."

"पोतं आहे म्हणालास ना?"

ती बसली.

मावशीनं परातीतला एक तुकडा उचलून जाळीवर ठेवला. चरबी निखाऱ्यावर पडली आणि चर्र आवाज झाला. इतक्या वेळात त्या गल्लीत झालेला तो पहिला नवा आवाज होता. ताटलीत कणीचा भात, वर मांस, कांद्याच्या पातीचं तेल, बाजूला वाटीत मासळीचं गोडसर पाणी.

"तू नाही बसत, बाळा?" तिनं मला विचारलं.

"माझा आज शाकाहार, मावशी."

"राहू दे मग. तुझं पुढच्या वेळी."

नंतर येतो असं माझ्या तोंडून निघालं नाही, हे मी आजही शपथेवर सांगेन.

ताईनं पहिला घास घेतला.

कर्ण्यातून होडीवाल्यानं ओ दिली.

मागून कुणीतरी "सरका जरा" म्हणालं. कामावर निघालेल्या दोन बायका, एक शाळकरी मुलगी, कोंबडा काखोटीला मारलेला एक म्हातारा. बघता बघता सगळी स्टुलं भरली. मावशीचे हात भराभर चालायला लागले.

"हाताला गुण आहे गं तुझ्या," ती ताईला म्हणाली. "रोज तूच भवानी कर माझी."

"बरं मावशी," ताई तोंड पुसत म्हणाली. सवयीनं म्हणाली. आपण सगळेच म्हणतो.

पुढच्याच वळणावर मोठा रस्ता लागला. ऊन कलतीला आलं होतं, शाळा सुटल्या होत्या. ताईच्या मोबाईलवर मायलीचे न लागलेले फोन एकापाठोपाठ एक उमटत गेले. आम्ही कसेबसे विमानतळावर पोचलो. इंजिन एवढं तापलं होतं की पाय लांब धरून चालवावं लागलं. निरोप घेताना ताईनं माझ्या गालाला हात लावला.

ताई वेळेवर पोचली. मायलीला मुलगी झाली. बाळाचा फोटो आला तेव्हा मी तो विहारात नेला, भंत्यांना दाखवला. त्यांनी गाता गाताच हसून मान डोलावली. सगळं ठीक झालं होतं. त्या वळणाकडे मी मुद्दाम दोनदा जाऊन आलो. तिथं सायकलींचं दुकान आहे, आणि मालक म्हणतो, त्याच्या आजोबांपासून आहे.

काल मी बाबांची गाडी घेऊन विहाराकडे निघालो होतो. मोबाईल वाजला. मायली होती. तिकडे संध्याकाळ.

"मामा, आईबद्दल विचारायचं होतं," ती म्हणाली. "ती रोज या वेळेला झोपते. बसल्या जागी. हलवलं, बाळ रडलं, तरी उठत नाही. डॉक्टर म्हणतात थकवा आहे. पण उठल्यावर जेवत नाही, मामा. रोज म्हणते, माझं झालं. आणि तिचं वजन वाढतंय."

मी गाडी कडेला घेतली. "कधीपासून?"

"तिकडून आल्यापासून. आणि झोपेत बोलते. रोज एकच वाक्य, मावशी मी आले, असं काहीतरी. आज मात्र वेगळं बोलली. फार भरभर, मला नीट कळलं नाही, म्हणून मोबाईलवर टिपून घेतलंय. तुम्ही ऐकून सांगाल?"

"ऐकव," मी म्हणालो, आणि दोन्ही हात मोकळे व्हावेत म्हणून गाडी स्टँडवर चढवली.

खरखर झाली. मग ताईचा आवाज आला. झोपेतला नव्हता. बाजारात कुणाशी बोलताना असतो तसा, टवटवीत, घाईतला.

"मावशी, आज दोन ताटल्या वाढ. धाकटा गाडी लावतोय."