तापातली मऊ भाकर

"माय गेली, कस्तुरा. परवा तेरवी झाली."

दारात उभ्या असलेल्या गुलाबरावांचे हे शब्द ऐकले अन् कस्तुराबाईने पिठाने भरलेले हात पदराला पुसले... बारा वर्षांनी तिचा नवरा तिच्या दारी आला होता, अन् तोही असा निरोप घेऊन!

वाशीमच्या दवाखान्यामागच्या या खोलीत ती रोग्यांसाठी पाव करीत असे. सासू गेल्याचं ऐकून तिला तो जुना श्रावण आठवला. शेलूबाजारजवळच्या मळ्यात गुलाबराव एकवीस दिवस तापाने फणफणले होते. दवाखान्यातल्या मडमेने भाकर बंद करून दुधात पाव द्यायला सांगितलं, करायचा कसा तेही दाखवलं. पण पाव खाल्ला म्हणजे माणूस बाटला! जात घराला वाळीत टाकणार, नणंदेचं ठरलेलं लग्न मोडणार... म्हणून सासू वाफ्यांवर गेली की ती शिंदीच्या रसाने कणीक फुगवी, तिच्यात ओव्याची पानं अन् कोथिंबीर चिरून घाली, अन् मडक्याच्या वर-खाली निखारे ठेवून छोटे छोटे पाव भाजून काढी. ग्लानीतल्या नवऱ्याला भरवताना सांगे, मऊ भाकर आहे. मरण उशाशी बसलं होतं, तरी किती सुखाचे दिवस होते ते!

एके दिवशी सासूने मडकं उघडलं. मीच करून खाल्ला, एवढंच कस्तुराबाई म्हणाली. एकटी तीच बाटली, एकटीच घराबाहेर पडली; अन् नुकते बरे झालेले गुलाबराव मान खाली घालून बसून राहिले. त्याचंच तिला अजून वाईट वाटे.

सकाळपासून पोटात काही नाही, असं गुलाबराव म्हणाले. घरात पावांशिवाय काही नव्हतं. ते बाटतील या भीतीने ती शेजारी तांदूळ मागायला निघाली, तोच त्यांनी परातीतला पाव उचलला. तुला टाकून मी कोणता शुद्ध राहिलो, असं पुटपुटत त्यांनी घास घेतला... अन् चावता चावता थांबले.

तापातून उठल्यापासून त्यांनी त्या मऊ भाकरीचा हट्ट धरला होता. आईने किती परींनी करून पाहिली, पण ती चव काही लागली नाही!

"तवा म्याच खाल्ला होता," ते भरल्या डोळ्यांनी म्हणाले. "तू काहून नाही सांगतलं?"

"तुमी जगले. मले तेवढंच पाह्यजे होतं."

अंगणात त्यांचे चुलते पंजाबराव, जातीचे पंच, बैलांना पाणी पाजत होते. त्यांच्याच बंडीतून गुलाबराव आले होते. उरलेला पाव हातात घेऊन ते त्यांच्यापुढे जाऊन उभे राहिले.

"काका, त्या साली पाव म्या खाल्ला होता, हिनं नाही. आज बी खाऊन राह्यलो. आता मले वाळीत टाका, म्हंजे हिच्यासंग राह्यता येईन."