येऊन गेलेल्या कांजिण्या

मी त्याला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्याच्या एका मांडीवर रक्ताच्या नळ्यांची पेटी होती आणि दुसऱ्या मांडीवर आमच्या बालवाडीतली सगळ्यात हट्टी मुलगी.

बालवाडीत कांजिण्यांची साथ आली होती. चार दिवसांत नऊ मुलं घरी बसली. मुख्याध्यापिकांनी आम्हा सगळ्या अकरा शिक्षिका-सेविकांचं रक्त तपासून घ्यायचं ठरवलं आणि प्रयोगशाळेतून हा आला. उंच, किडकिडीत, शर्टाची एक बाही दुमडलेली. पाच मिनिटांत मुलांनी त्याचं बारसंही करून टाकलं – सुईकाका!

"हिचं अंग कोमट लागतंय हो," मांडीवरच्या मुलीच्या कपाळाला हात लावत तो म्हणाला. मी तिला उचलून आजारी मुलांच्या खोलीत निजवलं आणि परत येऊन त्याच्यासमोर हात पुढे केला.

"तुम्हाला येऊन गेल्यात का कांजिण्या?" दंडाला पट्टा आवळत त्याने विचारलं.

"तेच तर माहीत नाही. मी साडेचार वर्षांची असताना आई गेली. बाबा तेव्हा मालट्रक चालवायचे, महिन्यातले वीस दिवस बाहेर. विचारलं तर म्हणतात, दोघींपैकी कुणाला तरी काहीतरी आलं होतं बुवा."

"दोघी म्हणजे?"

"मी आणि ताई. बाळंतपणाला घरी आलीय, आठवा महिना चालू आहे तिला. तिला कांजिण्या कधीच आलेल्या नाहीत, हे तिच्या तपासणीत कळलंय. माझ्यामुळे तिला काही झालं तर... कालपासून मी मैत्रिणीकडे राहतेय."

त्याने मान हलवली. मग सुई टोचता टोचता, अगदी सहज, म्हणाला, "घरच्यांना आठवत नसलं तरी शरीराला आठवतं."

"ते कसं काय?"

"स्मृतिपेशी असतात. नवा रोगजंतू आत शिरला की शरीर आधी बावचळतं. त्याला ओळखून हत्यारं तयार करेपर्यंत आठवडा-दीड आठवडा जातो आणि तेवढ्यात आपण आडवे! पण लढाई संपली तरी त्यातल्या काही पेशी मागे राहतात. वर्षानुवर्षं. तोच जंतू पुन्हा आला की म्हणतात, अस्सं... तूच का तो? आणि दोन-तीन दिवसांत फौज उभी. आपल्याला पत्ताही लागत नाही. त्या लढाईतली हत्यारं, म्हणजे प्रतिपिंडं, रक्तात सापडतात, तीच मी शोधणार... झालं. दुखलं?"

"कळलंच नाही."

"मग अजून एक नळी घेऊ?"

मी डोळे मोठे केले. तो गालातल्या गालात हसला.

"आणि तुम्हाला आल्या होत्या का?" मी विचारलं.

"केव्हाच! आई छातीठोक सांगते. दोघा भावांना एकदमच."

दोन दिवसांनी मी प्रयोगशाळेत गेले. खिडकीतून कागद मिळायचा, पण तो स्वतः बाहेर आला.

"आहेत," तो म्हणाला. "भरपूर आहेत. खुशाल घरी जा."

मी तिथूनच ताईला फोन लावला. ती आनंदाने ओरडली.

"अगं... म्हणून मला मावशीकडे ठेवलं होतं!" ती म्हणाली. "महिनाभर! मला वाटायचं, माझंच काहीतरी चुकलं. परत आल्यावर मी आईशी दोन दिवस बोलले नव्हते. तिने मला जपलं होतं गं... आणि तुझं सगळं एकटीने केलं."

माझ्याकडे आईची एकही आठवण नाही. एक फोटो आहे, त्यात ती दुसरीकडेच बघतेय. आणि आता या कागदावर लिहिलं होतं की मी तापाने फणफणले होते, अंगभर फोड होते, आणि कुणीतरी माझ्याजवळ बसून होतं.

मी भर प्रयोगशाळेत रडले. त्याने आतून एक खुर्ची आणली, पाण्याचा पेला हातात दिला आणि लोकांकडे पाठ करून माझ्यापुढे आडोशासारखा उभा राहिला. मला वाटतं, माझं मन त्याच्यावर बसलं ते तिथेच.

संध्याकाळी घरी बाबांना कागद दाखवला. बराच वेळ ते चष्मा पुसत राहिले. "मी फेरीवरून आलो, तेव्हा तिने तुझ्या हातांत माझे मोजे चढवले होते," ते म्हणाले. "खाजवू नयेस म्हणून. इतकी हसत होती तुला बघून... कसं विसरलो मी हे?"

बाकीच्या दहा जणींचे अहवाल एका पाकिटात मावले असते. सुईकाकाने त्यासाठी चार खेपा केल्या. पाचव्यांदा तो 'नळीचं एक झाकण इथे राहिलं का' असं विचारत आला, तेव्हा मुख्याध्यापिका म्हणाल्या, "बाई, त्यांचं काय राहिलंय ते जरा फाटकापर्यंत जाऊन बघा."

फाटकापर्यंतचं अंतर पन्नास पावलं. आम्हाला पाऊण तास लागला.

आणि मग तो यायचाच थांबला. एक दिवस, दोन दिवस... मी सतरांदा फाटकाकडे पाहिलं. तिसऱ्या दिवशी न राहवून फोन केला.

"हसायचं नाही," पलीकडून खोल गेलेला आवाज आला. "मला कांजिण्या झाल्यात."

"अहो पण तुमची आई..."

"तिला पुन्हा विचारलं. म्हणते, 'दादाला आल्या होत्या रे. तुला बहुतेक घामोळं होतं.'"

मी हसले. मग त्याच्या खोकल्याने हसू विरलं. भावाच्या घरी तान्हं बाळ, आई त्याच बाळापाशी. याला एकशे तीन ताप आणि खोलीत कुणी फिरकायला तयार नाही.

"मी येते," मी म्हटलं. "माझ्या पेशी जाग्या आहेत. तुम्हीच सांगितलंत."

तिसऱ्या मजल्यावरची एकच खोली. दोरीवर शर्ट, खिडकीत औषधांच्या पट्ट्या, आणि पलंगावर डोक्यावरून चादर घेतलेला तो.

"बघू नका ना..."

"नऊ मुलांचे फोड बघितलेत मी. चादर काढा."

मोठेपणी आलेल्या कांजिण्या जबर असतात. पहिले दोन दिवस तो नीट बोलूही शकला नाही. डॉक्टरांनी दिलेल्या गोळ्या मी वेळेवर देत होते, कपाळावर घड्या ठेवत होते, भात मऊ करून भरवत होते. ताईला जपायचं म्हणून रात्री मी पुन्हा मैत्रिणीकडे जात होते. ताईचा रोज फोन. "त्याला काय हवं-नको बघ. आणि तुझं काय ते त्याला सांगूनही टाक!"

पाचव्या दिवशी ताप उतरला. दुपारचं ऊन पलंगावर आलं होतं. त्याचा हात पोहोचत नव्हता तिथे, खांद्यामागे, मी कापसाने लोशन लावत होते.

"एक विचारायचं होतं," तो भिंतीकडे तोंड करून म्हणाला. "बरा झाल्यावर विचारणार होतो. पण बरा झालो, तर तुम्ही येणं बंद कराल..."

"मग?"

"म्हणून आजच विचारतो. तोंडाची ही अशी चाळण झालेली असताना. लग्न कराल माझ्याशी?"

कापूस माझ्या हातात तसाच राहिला. खाली रस्त्यावर कुणीतरी सायकलची घंटी वाजवत गेलं. त्याचे कान मागून लालबुंद दिसत होते, आणि ते तापाने नव्हते.

"हो," मी म्हटलं.

"काय?"

"हो म्हटलं. आता हलू नकोस, सगळं लोशन उशीला लागतंय."

तो क्षणभर निश्चल पडून राहिला. मग हळूच मान वळवली. एक डोळा सुजलेला, गालभर खपल्या... आणि चेहरा नुसता उजळलेला.

"'नका' नव्हे, 'नकोस' म्हणालीस," तो म्हणाला. "मला... 'नकोस' म्हणालीस तू!"