मालवणी बोलणारी लिथुआनियन बाई

त्या रविवारी मनवाला सकाळपासून चैन पडत नव्हतं. फणसवाडीतल्या घरात ती मोबाइलवर सिनेमे उघडत होती अन् दहा मिनिटांत बंद करत होती. जॉर्जिया झालं, हंगेरी झालं... मग जेमतेम दोनशे लोकांनी पाहिलेला एक जुना लिथुआनियन सिनेमा सापडला. सबटायटल्सच्या यादीत चक्क मराठी!

समुद्रावरून परतलेल्या नवऱ्याला बायको विचारत होती, "मेल्या, खंय उलथलं होतंस?"

मनवा खुदकन हसली. पाठ्यपुस्तकांची मुद्रितं तपासणं हा तिचा पोटापाण्याचा उद्योग. तिला राहवेना. तिने सिनेमाखालच्या प्रतिक्रियांत लिहिलं, "लिथुआनियन बाई मालवणी कधी शिकल्या? आणि 'समूद्र' नाही, 'समुद्र'."

तासाभरात सबटायटल्स लिहिणाऱ्याचं उत्तर आलं. "मीच शिकवलं त्यांना. चुकलंच, मास्तरीणबाई."

"छडी उगारू?"

"हात पुढे केलाय."

तो विनीत. परळच्या चाळीत राहणारा, इस्पितळाच्या लॅबमध्ये काम करणारा. गिरणीत मागांच्या खडखडाटात वीस वर्षं काढून त्याच्या बाबांचे कान गेले होते. "परदेशी सिनेमा बघताना आम्ही दोघं सारखेच," त्याने लिहिलं, "मलाही काही कळत नाही. मग इंग्रजीवरून त्यांच्या बोलीत उतरवतो."

हळूहळू 'तुम्ही'चं 'तू' झालं. तो ओळी पाठवायचा, ती वेलांट्या सुधारायची. मोबाइल वाजला नाही की तिची घरातल्या घरात येरझार सुरू व्हायची. शेवटी तिनेच विचारलं, "भेटायचं?"

दादरच्या फाइव्ह गार्डनमध्ये तो उन्हात अर्धा तास आधीच येऊन उभा होता. सावळा, लाजरा, शर्टाची बाही उगाचच दुमडणारा. सगळं छान चाललं होतं... आणि मनवानेच सांगून टाकलं.

"गेल्या वर्षी माझं लग्न ठरलं होतं. मी मोडलं. घरी म्हणतात, हिचं कशातच मन रमत नाही."

विनीतची बोटं बाहीवर थांबली. "खरंय ते?"

"माहीत नाही रे..."

त्यानंतर आठ दिवस तो गप्प होता. ना ओळी, ना निरोप. मुद्रितं तपासताना मनवाच्या नजरेतून ढळढळीत चुका सुटू लागल्या. नवव्या दिवशी, रविवारी सकाळी, चाळीचा पत्ता विचारत ती थेट परळला त्याच्या दारात जाऊन उभी राहिली.

"तू?" विनीत दचकला.

"गप्प का बसलास?"

"भीती वाटली गं," तो पुटपुटला. "बाबांना तुझ्याबद्दल सांगून बसलो होतो. तू मध्येच उठून गेलीस तर... मला नाही झेपायचं."

"मध्येच उठणारी फणसवाडीहून इथवर येते?"

तेवढ्यात खाटेवरून बाबांचा खणखणीत आवाज आला. स्वतःचा आवाज ऐकू येत नसल्यामुळे ते अख्ख्या मजल्याला ऐकू जाईल असं बोलत. "हीच काय रे ती? जिच्यापायी एकेक ओळ चार-चारदा खोडतंस?"

गॅलरीतल्या दोन बायका वळून बघू लागल्या. विनीतचे कान लालबुंद झाले.

"गो चेडवा, आत ये! रवतलंस मां?"

राहशील ना... जेवायला, की कायमची? मनवाने क्षणभर विनीतकडे पाहिलं. मग खाटेजवळची वही ओढून लिहिलं, 'विनीतने विचारलं तर.'

बाबांनी चष्मा वर सरकवून वाचलं आणि ते गडगडाटी हसले. "इचार मां, मेल्या!"

विनीतने विचारलं. अगदी हळू, तिच्या कानाशी. बाबांना ते शब्द ऐकू जाणं शक्यच नव्हतं, पण मनवाचं उत्तर त्यांनी तिच्या चेहऱ्यावर केव्हाच वाचलं होतं.